घोडं माणूस ओळखतं का? आज्जाची चंद्री आणि तुमच्याकडची घोडी

वडगावची लेक

नमस्कार मंडळी. बरेच दिवस इथलं वाचतेय, धागा मात्र पहिल्यांदाच काढतेय. थोडं लांबेल, सांभाळून घ्या.

माझ्या आईचे वडील बेळगावात टांगा चालवायचे. स्टेशन ते शहापूर, स्टेशन ते टिळकवाडी, लग्नसराईत पार येळ्ळूर-धामण्यापर्यंत. घोडी तांबडी, कपाळावर पांढरा चांद, म्हणून नाव चंद्री. मी तेव्हा पाच-सहा वर्षांची. मला तिचा वास आठवतो आणि तोबऱ्यात तोंड घालून हुलगे चावतानाचा कुरुम-कुरुम आवाज आठवतो. बाकी सगळं आईकडून ऐकलेलं.

शेवटी शेवटी आज्जाला नीट दिसत नव्हतं. मोतीबिंदू पिकला होता. त्यानं घरात सांगितलं नाही, सांगितलं असतं तर टांगा बंद पडला असता. आई म्हणते, ‘हे फक्त चंद्रीला ठाऊक होतं.’ टिळकवाडीचं दुसरं रेल्वे गेट पडलेलं असलं की ती आपणहून थांबायची. पुढच्या टांग्याच्या किती मागं उभं राहायचं तेही तीच ठरवायची. आज्जा लगाम हातात धरायचा, पण सैल. आधी तो तिला चालवायचा, मग ती त्याला चालवायला लागली.

1996 च्या पावसाळ्यात आज्जा दवाखान्यात गेला, अठरा दिवस. पहिले दोन दिवस चंद्रीनं चंदीला तोंड लावलं नाही. तोबरा बांधायला गेलं की मान झटकायची. तिसऱ्या दिवशी आईनं आज्जाचं घोंगडं अंगावर घेतलं आणि त्याच्यासारखंच ‘हां बाई, हां’ म्हणत पाटी पुढं ठेवली. चंद्रीनं घोंगड्यात नाक खुपसलं. बराच वेळ हुंगत राहिली आणि मग खाल्लं.

आज्जाला घरी आणला तो रिक्षातून. रिक्षा गल्लीच्या तोंडाशीच होती तेवढ्यात परड्यातून खिंकाळणं ऐकू आलं. आत कोण बसलंय ते तिला दिसणं शक्यच नव्हतं. त्याचा खोकला ऐकला असेल.

पुढच्या चैत्रात आज्जा गेला. मामांनी चंद्री हुक्केरीकडच्या एका माणसाला विकली. घोडी ठेवायची ऐपत नव्हती, मी कुणाला दोष देत नाही. पण आई त्यानंतर पंचवीस वर्षं घोड्याचा विषय निघाला की उठून आत जायची. गेल्या आठवड्यात माळा झाडताना चंद्रीचा एक नाल सापडला. तो हातात घेऊन ती बसली आणि हे सगळं बोलली.

मला विचारायचंय ते एवढंच. घोड्याला माणूस खरंच कळतो, की आपल्याच मायेनं आपण तसं ठरवून टाकतो? ज्यांनी घोडी पाळली आहेत त्यांनी सांगा.

खानापूरची रानवाट

वाचताना अंगावर काटा आला. ताई, आमची आज्जी कोडं घालायची: भाकरी का करपली, पान का सडलं, घोडा का अडला? उत्तर एकच, फिरवलं नाही म्हणून. तुमच्या चंद्रीला रोज फिरवणारा माणूस अठरा दिवस नव्हता. अडणारच की.

नालबंदाचा नातू

मी निपाणीचा. आमच्या घरी दोन पिढ्या नालबंदी झाली. तंबाखूच्या वखारींकडं बैलगाड्या यायच्या म्हणून बैलांचं काम जास्त, घोडी कमी. पण आजोबांचा जीव घोड्यात.

तुमच्या प्रश्नाचं उत्तर मी पायातून देतो. घोड्याकडं शिंगं नाहीत, वाघासारखे सुळे नाहीत. त्याच्याकडं पळणं आहे. संकट आलं की पळायचं, एवढ्यावर ते जगलं. आणि तेच जनावर नालबंदापुढं उभं राहून आपला एक पाय उचलून त्याच्या मांडीवर ठेवून देतं. तीन पायांवर उभं. त्या वेळी त्याला पळता येत नाही. ज्याच्यावर जीव वाचायचा, तोच पाय ते दुसऱ्याच्या हातात देतं. माझ्या मते याहून मोठी ओळख नाही.

आजोबा नवं घोडं आलं की लगेच पायाला हात लावायचे नाहीत. आधी खांद्यावर हात, मग हात खाली खाली सरकवत गुडघ्यावर, मग खुरावर. हात मधेच उचलायचा नाही. उचलून परत ठेवला की घोडं दचकतं, त्याच्या लेखी तो नवा हात असतो. मग कानस, तासायची सुरी, चिमटा, हातोडी. खुराची बाहेरची भिंत आपल्या नखासारखी, तिथं खिळा गेला तर दुखत नाही. पण बोटभर आत गेला तर घोडं लंगडं. सहा ते आठ आठवड्यांनी नाल काढून खूर तासावाच लागतो, कारण खूर वाढत राहतो, महिन्याला जवळजवळ एक सेंटीमीटर.

एक टांगेवाला होता, आपल्या घोड्याला नाल ठोकताना तो घोड्याच्या तोंडाशी कपाळ टेकून उभा राहायचा. घोडं जोवर त्याच्या कानाशी गरम श्वास सोडत असायचं तोवर आजोबा काम करायचे. श्वास अडकला की आजोबा हात थांबवायचे. कुणी कुणाला काही सांगायचं नाही.

तुमच्याकडचा नाल एकदा उलटा करून बघा. कुठली बाजू जास्त झिजली आहे त्यावरून चंद्री कशी चालायची ते कळेल. फोटो टाका जमलं तर.

वडगावची लेक

बघितला. बाहेरची कड झिजली आहे, उजव्या अंगाला. तीन खिळे अजून आत आहेत.

नालबंदाचा नातू

म्हणजे पाय थोडा आत वळवून टाकत असणार. खिळे काढू नका. तसेच राहू देत.

जनावरांचा डॉक्टर

अथणी तालुक्यात नोकरी करतो. गायी-म्हशी रोजच्या, घोडी अधूनमधून. शास्त्राचं आधी सांगतो.

घोडा माणसाचा चेहरा वाचतो. इंग्लंडमधल्या ससेक्स विद्यापीठातल्या संशोधकांनी 2016 साली हे दाखवलं. घोड्यांना अनोळखी माणसाचे रागावलेले आणि हसरे फोटो दाखवले. रागावलेला चेहरा बघताना घोडी डाव्या डोळ्यानं बघत होती आणि त्यांच्या काळजाचे ठोके लवकर वाढत होते. फोटोला एवढं, तर अंगाखांद्यावर रोज हात फिरवणाऱ्याला किती! ताई, घोंगड्याचंही तसंच. घोड्याचं नाक फार तिखट आणि कान चहूकडं वळणारे. गल्लीच्या तोंडावरचा खोकला चंद्रीनं ओळखला यात मला काहीच नवल वाटत नाही.

डोळ्यांचं एक सांगून ठेवतो. घोड्याचे डोळे डोक्याच्या बाजूला असतात, त्याला जवळजवळ चहूकडचं दिसतं. पण नाकाच्या अगदी पुढचं आणि शेपटीच्या सरळ मागचं दिसत नाही. म्हणून आवाज न देता मागून जाऊ नका. लाथ बसते ती वाईट स्वभावामुळं नाही, भीतीमुळं.

आता शास्त्राबाहेरचं. आपल्या भागात घोडी खरी कुणाकडं राहिली असतील तर मेंढपाळांकडं. पावसाळा सरला की कळप घेऊन निघतात आणि सगळा संसार तट्टांवर असतो: बाजेचे पाय, भांडी, घोंगडी, कोंबड्या आणि जाळीत घातलेली कालपरवाची कोकरं. ही बुटकी, काटक घोडी म्हणजे भीमथडीचीच जात. मराठ्यांच्या फौजा याच तट्टांवर फिरल्या. आता कुठं तिला स्वतंत्र जात म्हणून सरकारदरबारी नोंद मिळाली.

दोन वर्षांपूर्वी एका रात्री धनगराच्या वाड्यावरून फोन आला. घोडीचं पोट धरलं होतं. गेलो तर एक म्हातारी बाई दोर धरून घोडीला चालवत होती, संध्याकाळपासून. घोडी बसायला बघायची, लोळायला बघायची, म्हातारी तिला बसू देत नव्हती. घोड्याला ओकता येत नाही. त्याच्या जठराच्या तोंडाची झडप फार घट्ट असते. त्यामुळं पोटात गेलेलं पुढंच सरकायला हवं, मागं वाट नाही. आतडं पिळलं तर जनावर हातचं जातं. मी नळी घातली, दुखणं कमी करायचं इंजेक्शन दिलं, बरगडीमागं कान लावून ऐकलं. आत सगळं गप्प. मग वाट बघायची. म्हातारी परत चालायला लागली. मी म्हटलं, आजी, बसा थोडं, मी धरतो. तर म्हणाली, ‘तुम्ही धरला तर तिला वाटंल मी गेले.’

पहाटे साडेचारला घोडीनं लीद टाकली. वाड्यावरच्या सगळ्या बाया हसत-रडत होत्या. पोरांनी ती लीद कंदिलात बघितली. मी डॉक्टरकीत एवढा आनंद फार थोड्या वेळा बघितला आहे.

पोटशूळात काय करायचं ते वाचणाऱ्यांनी लक्षात ठेवा: चारा-चंदी ताबडतोब बंद, लोळू द्यायचं नाही, हळू चालवायचं, आणि डॉक्टरला आधी फोन, घरगुती काढा नंतरसुद्धा नको. नळीतनं काढा फुफ्फुसात गेला तर तेही मरण. आणि धनुर्वाताची लस चुकवू नका. घोड्याला धनुर्वात फार लवकर धरतो, एक साधा खिळा पुरतो.

शर्यतीचा नाद

डॉक्टरसाहेब, लई भारी लिहिलात. मी चिकोडीकडचा. आमच्याकडं जत्रा म्हटली की घोडागाडी आलीच. पोटच्या पोरागत जपतोय आम्ही. सकाळी कृष्णेच्या वाळूत पळवायचं, नदीत पोहणी लावायचं, खरारा करायचा, मालिश करायची. चंदीत हरभरा, वर दूध, अंडी, खारीक, बदाम. माझ्या बायकोनं मागच्या दिवाळीला साडी नको म्हणाली, त्या पैशात घोड्याला झूल घेतली. शर्यतवाले घोड्याला मारत्यात असं लोक म्हणत्यात, ते मनाला लागतंय. प्रेम असल्याशिवाय कोण करंल एवढं?

खानापूरची रानवाट

प्रेम आहे हे मान्य. पण मागच्या माघात एका जत्रेत मी डोळ्यांनी बघितलं, डांबरी रस्त्यावर घोडं पळत होतं आणि मागून दोन मोटारसायकलवाले हॉर्न वाजवत, काठी उगारत. शेवटी घोडं गुडघ्यावर पडलं. लोक शिट्ट्या मारत होते. त्या घोड्यालाही कुणी बदाम घातलेच असतील.

शर्यतीचा नाद

ते चुकच. मी डांबरीवर सोडत नाही. मोटारसायकल मागं लावणाऱ्यांशी माझं भांडण झालंय, दोन वर्षं बोलणं बंद आहे. पण सगळ्यांना एका दावणीला बांधू नका.

जनावरांचा डॉक्टर

दादा, तुमचा जीव आहे हे तुमच्या लिहिण्यातून कळतंय, म्हणून स्पष्ट सांगतो, राग मानू नका. अंडी आणि बदाम बंद करा. घोडा गवतावरचा प्राणी आहे. त्याचं पोट अंगाच्या मानानं लहान, आठ ते पंधरा लिटरचं. त्यात थोडं थोडं, सारखं जायला पाहिजे: वाळलं गवत, कडबा. चंदी दिवसातून तीन-चार वेळा वाटून. हरभऱ्याची मोठी पाटी एकदम दिली तर पोटशूळ होतो, नाहीतर खुराच्या आत सूज येते आणि मग घोडं पुढचे पाय लांब टाकून मागं रेलून उभं राहतं. तसं उभं दिसलं की समजायचं, आपल्या लाडानंच त्याचे पाय गेले.

दुसरं, वय. दीड-दोन वर्षांचं शिंगरू गाडीला जुंपू नका. पाठीचे मणके पुरे भरायला पाच वर्षं तरी लागतात. दिसायला मोठं झालं म्हणजे आतून झालं असं नाही.

बैलगाडी शर्यतींचा कायदा 2023 साली सर्वोच्च न्यायालयानं उचलून धरला, आपल्या कर्नाटकाचाही. तेव्हापासून जत्रांना जोर आलाय. परवानगी मिळाली म्हणजे काठी उगारायला मोकळीक मिळाली असं कुणी समजू नये, घोड्याच्या बाबतीत तर नाहीच.

शर्यतीचा नाद

माझं घोडं सव्वातीन वर्षांचं आहे. गेल्या वर्षी दोन मैदानं मारलीत.

थांबवतो. दोन वर्षं नुसतं फिरवतो. जोडीदारांना काय सांगायचं ते बघतो.

कृष्णाकाठ

एवढं वाचून गप्प बसवेना. आमचं गाव मांजरीजवळ, पूल ओलांडला की अंकली. आमच्या भागात घोड्याचं नाव काढलं की हिरा आणि मोती. आळंदीच्या माउलींच्या पालखीपुढं जे अश्व चालतात ते अंकलीच्या शितोळे सरकारांच्या वाड्यातून जातात, हे बेळगावातल्या कितीजणांना ठाऊक आहे?

हिंडलगा फाटा

अंकली म्हणजे सांगली-कोल्हापूर रस्त्यावरची ना? तिथं पूल आहे, बघितलाय.

कृष्णाकाठ

नाही, ती मिरज तालुक्यातली. नाव एक, नदीही एकच, म्हणून घोटाळा होतो. ही आमची, चिकोडी तालुक्यातली, बेळगाव जिल्हा.

हैबतबाबा आरफळकरांनी 1832 साली आजच्या रूपातला पालखी सोहळा सुरू केला. ते ग्वाल्हेरच्या शिंद्यांच्या पदरी होते. शितोळेही शिंद्यांचे सरदार. त्यांनी घोडे दिले, तंबू दिले, नैवेद्याची सेवा घेतली. ती सेवा अजून चालू आहे. दोन राज्यं झाली, मधे सीमा आली, तिच्यावरून काय काय झालं ते आपण सगळे भोगतो आहोत. घोडे दर ज्येष्ठात निघतात आणि चालत जातात. गाडीतनं नाही. मिरज, सांगली, सातारा करत पुण्यावरून आळंदी, तीनशे किलोमीटरच्या आसपास, अकरा दिवस.

दोन घोड्यांपैकी एकावर स्वार असतो, हातात जरीपटका. दुसरा माउलींचा. त्याच्यावर कुणी बसत नाही. पाठीवर गादी असते, ती रिकामी. म्हणजे आमच्या लेखी रिकामी नाही. रिंगणात स्वाराचा घोडा आधी सुटतो, मागून माउलींचा. लाखभर माणूस श्वास रोखून बघतं. त्याला वाट दाखवायला पाठीवर कुणी नाही, लगाम धरायला कुणी नाही, तरी तो गर्दीच्या मधून आखल्यासारखा धावतो. तो गेला की माणसं त्याच्या टापांखालची माती कपाळाला लावतात. मी लावली आहे, सदाशिवनगरच्या रिंगणात. गरम होती.

घोडे निघतात त्या दिवशी अंकलीत मराठी घर, कन्नड घर असा भेद राहत नाही. आमच्या शेजारची अक्का दारातून ओरडते, ‘कुदुरे बंतु, कुदुरे बंतु!’ आणि माझी आई आतून हळदीकुंकू घेऊन धावते. दोघींना एकमेकींची भाषा अर्धीच येते.

2018 साली पालखी पुण्यात असताना हिरा गेला. बातमी आली तेव्हा मी शेतात होतो. गड्यानं फोन माझ्या हातात दिला आणि बांधावर बसला. त्या रात्री आमच्या गल्लीत बऱ्याच घरी चूल पेटली नाही. जवळचं माणूस गेल्यावर करतात तसं आम्ही केलं. दुसरा घोडा पुढं गेला, सोहळा थांबला नाही, थांबायचा नसतोच. पण तुम्ही विचारलंत ना, घोड्याला माणूस कळतो का. त्या दिवसापासून मला उलटं वाटतं. आपल्याला घोडा किती कळतो? तो थकला होता का, त्याला काय दुखत होतं, हे तीनशे किलोमीटर त्याच्या बाजूनं चालणाऱ्यांना कळलं असेल. आम्ही मात्र फक्त पाया पडलो.

जनावरांचा डॉक्टर

हे शेवटचं वाक्य मी माझ्या टेबलाच्या काचेखाली लिहून ठेवणार आहे.

मंगसुळीचा

आमच्या खंडोबाचं वाहन घोडा, ज्योतिबाचंही घोडाच. देवळातल्या घोड्याच्या पायाला लहानपणी हात लावायचो. पण जिवंत घोड्याला पहिल्यांदा हात लावला तो वयाच्या चाळिशीत, एका धनगराच्या तट्टाला, रस्त्याकडेला. नाकपुड्यांच्या वरचा भाग कसा असतो ते सांगता येत नाही. मऊ म्हणावं तर लोणीही तसं नसतं. त्यानं माझा तळहात हुंगला, बोटांना ओठ लावले आणि ‘काही नाही वाटतं’ असं करून मान फिरवली. मी घरी येऊन मुलीला तो तळहात दाखवला.

वडगावची लेक

तुम्हा सगळ्यांचं आईला वाचून दाखवलं. रोज रात्री जेवण झाल्यावर थोडं थोडं. नालबंदांचं वाचलं तेव्हा तिनं दोनदा वाचायला लावलं. धनगराच्या म्हातारीपाशी आली आणि रडली.

काल मग तिनं मला एक सांगितलं, जे घरात कुणालाच माहीत नव्हतं. चंद्री विकल्यावर वर्षा-दीड वर्षानं ती एकटी एसटीनं हुक्केरीला गेली होती. बाबांना सांगितलं शहापुरात मैत्रिणीकडं जाते. विचारत विचारत त्या माणसाचं रान गाठलं. चंद्री बांधावर होती, मोकळी, पायाला दावं नाही. आणि बरोबर शिंगरू, तसंच तांबडं, पण कपाळ कोरं.

मी विचारलं, ओळखलं तिनं तुला?

आई म्हणाली, ‘मान वर केली. कान माझ्याकडं वळवले. बघत राहिली. मग शिंगरू दूध प्यायला आलं तर त्याच्याकडं वळली. ओळखलं की नाही, देवाला ठाऊक. पण अंग चकाकत होतं गं. खूर तासलेले होते. नाल नवे होते.’ त्या माणसानं चहा दिला, तिनं घेतला आणि शेवटच्या गाडीनं परत आली. त्या दिवसानंतर तिला स्वप्नात चंद्री दिसायची बंद झाली, असंही म्हणाली.

एवढी वर्षं मला वाटत होतं की ती दुःखामुळं बोलत नाही. ती ते एकटीनं जपत होती.

कृष्णाकाठ, एक विनंती. यंदा घोडे निघतील तेव्हा आईला अंकलीला घेऊन यावं म्हणते. लांबून बघितलं तरी चालेल. तिला काहीतरी घेऊन यायचंय. भिजवलेले हुलगे आणले तर चालतील का?

कृष्णाकाठ

या की! आमच्या घरी मुक्कामाला या, आदल्या दिवशीच या, सकाळी लवकर निघतात. हुलगे आणू नका. वाटेत जो तो काहीतरी खायला घालायला बघतो, सांभाळणाऱ्यांना फार जपावं लागतं. डॉक्टरांनी वर सांगितलंच आहे. वाड्यात विचारतो, ताजं हिरवं गवत चालत असेल तर आमच्या मळ्यातलं काढून ठेवतो, आईंच्या हातानं देऊ. चिकोडीत उतरलात की फोन करा, मी गाडी घेऊन येतो.

शर्यतीचा नाद

चिकोडीहून मीच आणतो त्यांना, माझ्या वाटेवरच आहे. माझं घोडंही बघून जातील.